शिवलेलं शेवटचं प्रकरण

॥ श्री ॥

अंबापेठ, अमरावती
६ ऑक्टोबर २०२४

प्रिय इफ्फत,

स. न. वि. वि.

अक्षर ओळखलंस का? ओळखलं नसशील तर खाली सही बघू नको, आधी अंदाज कर. आपला नियमच होता तो.

‘स. न. वि. वि.’ इतकं परक्यासारखं लिहायची वेळ आपल्यात येईल असं कधी वाटलं नव्हतं. पण अडतीस वर्षांनी एकदम ‘काय गं इफ्फे’ म्हणून सुरुवात करायला हात धजत नाही. तुझा पत्ता इतवाऱ्यातल्या नत्थुजी कागदवाल्यांनी दिला. तुझा भाचा उजैर अकोल्यात अजून बायंडिंगचं दुकान चालवतो आणि कागद त्यांच्याकडूनच नेतो, हे ऐकून इतकं बरं वाटलं! म्हणजे तुझ्या अब्बांचा, आमच्या सत्तारचाचांचा, पुस्तकं दाबायचा शिकंजा अजून कुणीतरी आवळतं आहे.

आमचे हे जाऊन चार वर्षं झाली. सोहम आणि सूनबाई जुईली पुण्यात असतात. आता हे घर विकायचं ठरलं आहे आणि डिसेंबरअखेर मला पुण्याला जायचं आहे, चौदाव्या मजल्यावर. तिथून ढग जवळून दिसतात असं जुईली म्हणते. मी ढगांशी काय बोलू, हे तिला विचारलं नाही. चांगली मुलगी आहे, उगाच मन दुखवायचं नाही.

तर कपाटं आवरताना काय हाती लागलं सांगू? ‘द थर्ड अम्ब्रेला’. आपल्या थॉर्नबीबाईंची बाविसावी आणि शेवटची कादंबरी! मी तिथेच जमिनीवर बसले आणि चहा निवून गेला.

तुला आठवतं ना गं? चिखलदऱ्याच्या त्या म्हाताऱ्या फॉरेस्ट ऑफिसरने बावीस पुस्तकांचा गठ्ठा चाचांकडे बांधायला टाकला आणि बिचारा न्यायला यायच्या आधीच वारला. मे महिन्यात, पंचेचाळीस डिग्रीत, दुकानाच्या मागच्या खोलीत ओला टॉवेल डोक्यावर घेऊन आपण बर्फात अडकलेल्या बंगल्यातले खून वाचत होतो. एका हाताला डिक्शनरी आणि दुसऱ्या हाताला फोडलेलं संत्रं. मार्मालेड म्हणजे संत्र्याची बर्फीच असणार, अशी आपली खात्री होती. धुकं कसं असतं हे कळावं म्हणून शाळेच्या सहलीला चिखलदऱ्याला गेलो, आणि तिथे धुकं पडल्यावर तू मिस्टर क्रेलसारखी लंगडत चाललीस! रिटायर्ड पोस्टमास्तर, पाकिटाच्या डिंकावरून खुनी ओळखणारा. तो माणूस आपल्याला इतका खरा वाटायचा की अमरावतीच्या पोस्टातल्या सगळ्या कारकुनांकडे आपण आदराने बघत होतो.

आणि आपला तो नियम. जी आधी वाचेल तिने शेवटचं प्रकरण सुई-दोऱ्याने शिवून टाकायचं. दुसरीने खुनी कोण ते लिहून द्यायचं आणि मगच दोरा कापायचा. तुम्ही अकोल्याला गेलात, माझं लग्न झालं, तरी पुस्तकं पोस्टाने येत राहिली, शिवलेली.

हे शेवटचं मला काही ओळखता आलं नाही. त्यानंतर तुझं एक कार्ड आलं. त्यावर फक्त ‘उत्तर मिळालं’ एवढंच होतं. मला त्याचा अर्थ कळला नाही. मग तूही थांबलीस आणि मीही संसारात बुडाले. पण बघ, तू घातलेला पांढरा दोरा अजून जसाच्या तसा आहे. अडतीस वर्षांत मी नियम मोडलेला नाही.

पुण्याला जाण्यापूर्वी तुझं दोन ओळींचं पत्र आलं, तर हे पुस्तक मी कुणाला देणार नाही. पाकिटाच्या मागे फोन नंबर लिहिला आहे.

कळावे. लोभ उरला असेल तर असावा.

तुझी,
चारुशीला


७८६

ताजनापेठ, अकोला
१४ ऑक्टोबर २०२४

चारू,

सलाम.

अक्षर पाकिटावरच ओळखलं. पाकीट दोन दिवस टेबलावर ठेवलं अन् मग फोडलं. फोन करणार नाई. आपलं सारं पत्रांवर झालं, तर आताही पत्रावरच होऊ दे. अन् हे मी आपल्या बोलीत लिहून राहिली, कारण शुद्ध मले येते, तीस वर्षं पोरायले शिकवलं, पण तुह्याशी शुद्ध लिहिलं तर कोण्या ऑफिसले अर्ज केल्यासारखं वाटीन.

तुह्ये मिस्टर गेले हे वाचून वाईट वाटलं. खरंच वाटलं. इथं मी, उजैर, त्याची बायको जेबा अन् त्यायची लेक असे चौघं आहोत. मी लग्न केलं नाई. हेडमास्तरीण होऊन रिटायर झाली. एका डोळ्याचं ऑपरेशन झालं, दुसरा रांगेत आहे.

तुह्यं पत्र वाचून संत्र्याचा वास आला, खोटं काहून बोलू. ओल्या टॉवेलचं मी विसरलीच होती. अब्बा आपल्याले रागवत, की पुस्तकावर पाणी सांडलं तर कान कापून जिल्दीत शिवीन. अन् दुसऱ्या दिवशी सोताच विचारत, की बाप्पा, त्या पाद्रीबाईले मारलं कोणं?

पण चारू, आता एक गोष्ट सांगते ते नीट वाच.

पांढरा दोरा लिहिलं तू. माहा दोरा हिरवा होता.

मले पक्कं याद आहे. जून ८६. अब्बाकडे उर्दू शाळेच्या रजिस्टरांचं काम आलं होतं अन् दुकानात हिरव्या दोऱ्याच्या रिळाशिवाय दुसरं काही नव्हतं. मी सोता शिवलं. म्हंजे ते पुस्तक कोणीतरी उघडलं अन् परत शिवलं.

अन् ते उघडण्यानं काय झालं ते आता तुले सांगतेच. त्या शेवटच्या प्रकरणात माही चिठ्ठी होती. मले अमरावतीच्या ज्युनिअर कॉलेजात इंग्रजीची नोकरी लागली होती, परमनंट. एकट्या मुलीले, अन् त्यात मुसलमानाच्या, कोणी खोली देऊन नव्हतं राहिलं. अब्बा म्हणाले, की चारूच्या सासरी, मोरोपंत वकिलायच्या घरी राहशीन तर मी बेफिकीर, दुसरीकडं नाई. म्हणून मी तुले विचारलं होतं, की तुमच्या माडीवरची खोली रिकामी आहे, मी राहू काय. भाडं देईन, जेवण माहं मी करीन. पंधरा दिवसांत उत्तर दे, त्यानंतर नोकरी जाते. साध्या पत्रात काहून लिहिलं नाई हे तुले माहीत आहे. तुह्ये सासरे साऱ्या घराचं टपाल चहाच्या टेबलावर फोडत अन् मोठ्यानं वाचत. शिवलेलं प्रकरण हे एकच ठिकाण होतं जिथं कोणाचा हात जात नव्हता. पार्सलात वर ठेवलेल्या पत्रात मी लिहिलं होतं की यावेळेस अंदाज लवकर कर, आठ दिवसांत दोरा काप.

पंधरा दिवस झाले, वीस झाले. मग ते कार्ड टाकलं. ‘उत्तर मिळालं’. न लिहिणं हेही उत्तरच आहे, असं मी समजली. बामणाच्या घरात आपली जागा ओट्यापर्यंतच, असंही समजली. अडतीस वर्षं तेच समजून राहिली.

आता तू म्हणतं की तू उघडलंच नाई. मंग उघडलं कोणं? मले दोन गोष्टी कळव. एक, तेव्हा घरात पुस्तकायले हात कोण लावे? दोन, आताची गाठ कशी आहे, पानाच्या वर आलेली की आत दबलेली?

लोभाचं मग पाहू.

इफ्फत


॥ श्री ॥

अंबापेठ, अमरावती
२१ ऑक्टोबर २०२४

प्रिय इफ्फत,

सप्रेम नमस्कार.

पत्र वाचलं आणि पुस्तक पुन्हा काढून पाहिलं. नोकरी, खोली, चाचांचा तो भरवसा! काय लिहू? तुझ्या आयुष्यातली इतकी मोठी गोष्ट माझ्या कपाटात पडून होती आणि मी वरून शालू-पैठण्या ठेवत राहिले. मला क्षमा कर एवढंही लिहिता येत नाही, इतकं ते तोकडं आहे.

दोऱ्याचा रंग उडाला असेल असं आधी वाटलं. पण हिरवा उडाला तर पिवळट होतो, हे चाचांच्या दुकानात बसणाऱ्या मुलीला मी काय सांगायचं!

तू विचारलंस म्हणून मिस्टर क्रेलसारखा विचार करून पाहिला. तेव्हा घरात आम्ही चौघं होतो. सासूबाईंना इंग्रजी येत नव्हतं आणि त्या मासिकातले फक्त फराळाचे पदार्थ वाचायच्या. आमच्या ह्यांना क्रिकेटच्या पानापलीकडे छापील अक्षराचं वावडं. राहता राहिले मामंजी. टपाल तेच फोडायचे, पार्सलंसुद्धा. शिवाय थॉर्नबीबाईंच्या दोन-तीन कादंबऱ्या त्यांनी चोरून वाचल्या होत्या हे मला ठाऊक आहे, कारण पानांमध्ये सुपारीचा भुगा सापडायचा. कोर्टातल्या खऱ्या खुनांपेक्षा हे बरे, निदान पुरावा सापडतो, असं एकदा बोलता बोलता म्हणूनही गेले होते.

गेलेल्या माणसाबद्दल कागदावर लिहवत नाही. पण इफ्फत, संशय घ्यायचा झाला तर आणखी कुणाचा घ्यायचा? जुन्या वळणाचे होते. घरात शब्द त्यांचाच चालायचा. चिठ्ठी वाचून त्यांनी मनाशी काहीतरी ठरवलं असेल आणि गुपचूप शिवून ठेवलं असेल, असं वाटतं.

इथे दिवाळीची साफसफाई आणि घर रिकामं करणं एकत्रच चाललं आहे. शेजारची दामिनी मदतीला येते. माळ्यावरून चाळीस पितळी डबे निघाले. प्रत्येकाला पुण्यात जागा नाही असं सोहम फोनवर सांगतो. कुठल्या डब्यात काय असायचं ते मला अजून डोळे मिटून सांगता येतं, पण ते ऐकणार कोण! पुण्यात माझी खोली दहा बाय दहाची आहे आणि तिला खिडकी नाही, काच आहे. सोहमचा दोष नाही, तिथे तसंच असतं म्हणे.

दिवाळीत तुझी फार आठवण येईल. तू आमच्याकडच्या चिरोट्यांवर कशी तुटून पडायचीस!

लोभ असावा, हे आता कुठल्या तोंडाने लिहू? तरी लिहिते.

तुझी,
चारू


७८६

ताजनापेठ, अकोला
२९ ऑक्टोबर २०२४

चारू,

सलाम अन् दिवाळीच्या शुभेच्छा.

म्हंजे मोरोपंत. मले वाटतच होतं. तुह्यं पत्र जेबाले वाचून दाखवलं, उजैरले दाखवलं. उजैर तर म्हणे, की फुफी, तुम्ही आजवर त्यायचं नाव इज्जतीनं घेत होत्या.

घेतच होती. काहून की अब्बा घेत. अमरावतीत आमचं दुकान हटवायचं निघालं तेव्हा हेच मोरोपंत वकील एक पैसा न घेता उभे राहिले होते. त्या माणसाच्या घरून जबाब येईन, असा अब्बाले अल्लाच्या कलामाइतका भरोसा होता. ते पंधरा दिवस अब्बा रोज दुकानाच्या पायरीवर उभे राहून पोस्टमनले विचारत. तो मान हलवे अन् अब्बा आत येऊन शिकंजा आवळत. मंग एक दिवस विचारणं बंद केलं. त्या दिवसापासून अमरावतीचं नावही त्यायनं घरात घेतलं नाई. मी प्रायव्हेट शाळेत टेंपररी लागली अन् चौदा वर्षं टेंपररीच राहिली.

मोरोपंत वारल्याचं मी पेपरात वाचलं होतं. तुले दोन ओळी लिहायले पाहिजे होत्या. लिहिल्या नाई. उलट बरं वाटलं, असं आज कबूल करते. आता तुह्या पत्रानं माह्या त्या बरं वाटण्याले पुरावा भेटला म्हणायचा.

बरं, तू गाठीचं लिहिलंच नाई. मी विचारलं होतं, वर की आत? मिस्टर क्रेल काय म्हणत याद आहे ना, की माणूस खोटा पत्ता लिहू शकते पण डिंक लावायची आपली सवय बदलू शकत नाई. मोरोपंतायची गाठ कशी आहे ते मले पाहायचं आहे. मुद्दाम पाहून लिहिजो.

चाळीस डब्याचं वाचून हसू आलं अन् मंग आलं नाई. चौदाव्या माळ्यावर तू करशीन काय वं? तुले तर इतवाऱ्यातल्या लाकडी जिन्यावरही चक्कर येत होती.

चिरोटे मी तोडत होती, पण पहिला उचलत तू होतीस.

लोभ, गाठीवर अवलंबून.

इफ्फत


॥ श्री ॥

अंबापेठ, अमरावती
१० नोव्हेंबर २०२४

प्रिय इफ्फत,

दिवाळी झाली. सोहम-जुईली येऊन गेले. आज रविवार, सकाळचे दहा वाजले आहेत, समोर पुस्तक आहे आणि मी हे पत्र चौथ्यांदा लिहायला घेतलं आहे.

गाठ आत दबलेली आहे.

मिस्टर क्रेल शेवटच्या प्रकरणात सगळ्यांना एका खोलीत बसवतात आणि एकेकाकडे बघत बोलतात. माझ्या खोलीत मी एकटीच आहे. तेव्हा सरळच लिहिते. मामंजींनी ते पुस्तक उघडलं नाही. मी उघडलं.

चौथ्या दिवशीच. तू लवकर कर म्हणाली होतीस, आणि मला खुनी काही सापडेना. दुपारी सगळे झोपले होते. कात्रीने दोरा कापला, फक्त शेवटचं पान बघावं म्हणून. चिठ्ठी मांडीवर पडली. दोनदा वाचली. आणि इफ्फत, पहिल्यांदा मला आनंद झाला, हे तू खोटं समजू नको. तू माडीवर राहणार, संध्याकाळी आपण दोघी गच्चीवर बसणार, एवढं सगळं मी एका मिनिटात बघून टाकलं. मग स्वयंपाकघरातून सासूबाईंच्या खोकण्याचा आवाज आला आणि माझा धीर संपला.

मामंजींना विचारायचं होतं, बस. लग्नाला जेमतेम पाच वर्षं झाली होती, सोहम तेव्हा पोटात होता, आणि त्यांच्यासमोर उभं राहून कधी काही मागितलं नव्हतं. ते नाहीच म्हणतील, सासूबाई सोवळं-ओवळं काढतील, उगीच घरात तोंडं वाकडी होतील, असं मीच ठरवलं. उद्या विचारू म्हणत अकरा दिवस काढले. आणि बाराव्या दिवशी काय केलं असेल? चिठ्ठी परत होती तिथे ठेवली आणि सासूबाईंच्या डब्यातला गोधडीचा पांढरा दोरा घेऊन प्रकरण पुन्हा शिवून टाकलं. म्हणजे मी ते वाचलंच नाही असं होईल. चाचांनी शिकवलेली गाठ आपोआप बोटांतून आली. त्या दिवसापासून मी स्वतःला सांगत आले की मी नियम मोडलेला नाही. इतकं सांगितलं की तुझा दोरा हिरवा होता हेसुद्धा विसरले!

तुझं कार्ड आलं तेव्हा मामंजींनीच ते वाचून दाखवलं, आणि कसलं उत्तर, असं विचारलं. खुनी कोण त्याचं, असं मी सांगितलं. सगळे हसले. मीही हसले.

आता जे लिहिते ते लिहिल्याशिवाय हे पत्र पूर्ण होणार नाही. मामंजी शेवटच्या आजारात होते तेव्हाची गोष्ट. एक दिवस मला जवळ बसवून म्हणाले, की त्या सत्तारमियांची पोरगी आताशा काहून येत नाही, तिले बोलाव ना, माडीवरची खोली रिकामीच पडून आहे. तेरा वर्षांनी, आपण होऊन, मी न मागता. मी उठून आत गेले आणि न्हाणीघराचं दार लावून घेतलं.

म्हणजे ते हो म्हणाले असते. मी फक्त विचारलं नाही. आणि तीन आठवड्यांपूर्वी त्याच माणसावर मी आळ घेतला, तुझा राग माझ्यावर येऊ नये म्हणून. चाचांसाठी ते कोर्टात उभे राहिले होते हे मला माहीतच नव्हतं. ते कधी बोलले नाहीत.

अगदी पहिलं पत्रही लबाडीचं होतं. पुण्याला जाण्यापूर्वी तू परत हवी होतीस, पण फुकटात.

शेवटचं प्रकरण मात्र मी अजून वाचलेलं नाही. खून कोणी केला ते मला खरंच ठाऊक नाही. तेवढी एक गोष्ट खरी.

चाचा पायरीवर उभे राहायचे हे वाचल्यापासून मला दुसरं काही दिसत नाही. उत्तर लिहू नकोस. लोभ मागायचा हक्क मला नाही, म्हणून ती ओळ आज लिहीत नाही.

चारुशीला


७८६

ताजनापेठ, अकोला
२१ नोव्हेंबर २०२४

चारू,

उत्तर लिहू नको म्हणे! तुले अजून माहं काय करायचं ते ठरवायची सवय गेली नाई.

पत्र आलं त्या दिवशी तुले इतक्या शिव्या दिल्या की जेबानं खिडकी लावून घेतली. दुसऱ्या दिवशीही दिल्या. तिसऱ्या दिवशी दम लागला. माह्या जिंदगीचा एक मोठा तुकडा तू गोधडीच्या दोऱ्यानं शिवून ठेवला, अन् त्याचं मी काय करू हे मले आजही समजून नाई राहिलं. माफ केलं असं लिहिणार नाई. लिहिलं तर तुह्या पहिल्या पत्रासारखं होईन.

पण हेही ऐक. मले तुह्या दुसऱ्याच पत्रात समजलं होतं. गाठीचा सवाल तू गिळला. जुजबंदीची, पानं शिवायची ती आत दबणारी गाठ अब्बानं जगात दोनच पोट्ट्यायले शिकवली होती, एक मी अन् एक तू. मोरोपंत वकिलायले बुटाची लेस तरी धड बांधता येत होती काय? म्हणून माह्या दुसऱ्या पत्रात मी त्यायच्यावर तोंडसुख घेतलं. पाहू म्हटलं, मेलेल्या भल्या माणसाच्या डोक्यावर हे किती दिवस ठेवते. बारा दिवस ठेवलं. मिस्टर क्रेलच्या खुन्यायपेक्षा लवकर कबूल झाली.

पेपर वाचून बरं वाटलं होतं ते मात्र खरं होतं. त्याची शरम आता माह्याजवळ आहे. अब्बा असते तर तुले काय म्हणाले असते ते मले माहीत आहे. म्हणाले असते, की पोट्टीनं गाठ तर बराबर मारली. अन् मंग आत जाऊन रडले असते.

आता मतलबाचं. आमच्या वरच्या मजल्यावर एक खोली आहे. पूर्वेकडं खिडकी आहे, काच नाई, खिडकी. उघडते. जिना सिमेंटचा आहे, चक्कर येणार नाई. तिथं जिल्दीचे पुठ्ठे ठेवले होते, ते उजैरनं काल खाली हलवले. तुले त्या खोलीत राहायले यायचं असन तर ये. महिनाभर राह्य, कायम राह्य, सोहमकडं जाऊन येऊन राह्य. चाळीस डब्बे आण. स्वयंपाकघर वरही आहे, तुह्यं तू कर, नाई तर खाली ये.

मी घरात विचारलं, चारू. उजैरले विचारलं, जेबाले विचारलं. विचारायले पाच मिनिटं लागली. जेबानं एवढंच विचारलं, की त्या मावशी लसूण खातात काय.

मोरोपंतायचा फोटो सोबत आणजो. पुण्याच्या काचेवर खिळा ठोकता येणार नाई. मले त्यायची माफी मागायची आहे अन् ते दुकानाचं राहिलेलं शुक्रिया म्हणायचं आहे.

अन् ते पुस्तक आण. दोरा कापू नको. खुनी कोण होता ते मी बी विसरली. एका डोळ्यानं माहं वाचन होत नाई, तू मोठ्यानं वाचशीन.

हिरव्या दोऱ्याचं जुनं रीळ उजैरच्या पेटीत सापडलं. थोडा तुकडा या पाकिटात टाकला आहे. रंग पाहून घे, पुन्हा चुकू नको.

ही चिठ्ठी मी कुठं शिवून ठेवली नाई, उघडी आहे. पंधरा दिवसांत उत्तर दे.

लोभाचं तू विचारू नको, मी बी विचारत नाई. असल्याशिवाय माणूस इतकं रागवत नाई.

इफ्फत


॥ श्री ॥

अंबापेठ, अमरावती
२५ नोव्हेंबर २०२४

प्रिय इफ्फे,

पत्र शनिवारी दुपारी आलं. सोहमला लगेच फोन केला आणि विचारलं. तो म्हणाला, की आई, तुला पुण्याला यायचं नाही हे मला सांगायचं तरी! मी त्याला कधी सांगितलंच नव्हतं. बघ, अजून तीच खोड.

दहा डिसेंबरला सकाळच्या एसटीने निघते, मूर्तिजापूर करून साडेअकरापर्यंत अकोल्याला पोचेन. डबे बारा आणते, बाकीचे दामिनीने नेले. मामंजींचा फोटो साडीत गुंडाळून मांडीवर घेणार आहे, टपावर टाकणार नाही. लसूण खाते म्हणून जेबाला सांग.

स्टॅंडवर उजैरला पाठवू नको. एका डोळ्याने का होईना, तू ये.

दोरा कापलेला नाही. पण वाचण्याआधी अंदाज लिहून द्यायचा असतो, आणि तो मी अडतीस वर्षं दिलेला नाही. तेव्हा नियमाप्रमाणे लिहून पाठवते : खून डॉक्टरच्या बहिणीने केला.

चुकला असेल तर चुकू दे. कात्री तुझ्याकडची घेऊ.

तुझी,
चारू